'ऑस्लो, ऑगस्ट ३१': व्यसनावरचा सिनेमा आहे की...? (स्पॉयलर आहेत)

रिकामटेकडा
मंडळी, काल रात्री नॉर्वेच्या योआकिम ट्रिअर या दिग्दर्शकाचा 'ऑस्लो, ऑगस्ट ३१' (२०११) बघितला, डोक्यातून जातच नाहीये. ३४ वर्षांचा अँडर्स, हेरॉइन सुटलंय, रिहॅबमधून एका दिवसाची सुट्टी घेऊन इंटरव्ह्यूला शहरात येतो, बस एवढीच स्टोरी. मला वाटलेलं थरथरते हात, उलट्या, आरडाओरडा असेल, तर तसलं काहीच नाही, माणूस शुद्धीत आहे, हुशार आहे आणि तरी सकाळीच खिशात दगड भरून तळ्यात उतरतो. मग या आर्ट फिल्मवाल्यांना व्यसन खरंच दाखवायचं असतं का, की 'मी कोण' विचारायला एक बहाणा हवा असतो?

पडद्यामागे
बहाणा नाही वाटत मला. इंटरव्ह्यूचा सीन आठवा, सगळं छान चाललंय, एडिटर सीव्हीतल्या रिकाम्या वर्षांबद्दल विचारतो आणि हा खरं सांगून टाकतो, मग उठून निघूनच जातो. समोरचा काही वाईट बोललेला नसतो हो! नशा सुटली पण तिच्या जागी ठेवायला ह्याच्याकडे काहीच नाही, ना काम, ना घर, जुने मित्र बायकापोरांत अडकलेले. ते उलट्याबिलट्यांनी नसतं दाखवता आलं.
बाय द वे अँडर्सचं काम केलेला डॅनिएलसेन ली खऱ्या आयुष्यात डॉक्टर आहे.

फुकट_समीक्षक
बंगाली दिग्दर्शक ऋत्विक घटकचा 'जुक्ति तक्को आर गप्पो' बघा कोणीतरी प्लीज. १९७४ चा, त्यांचा शेवटचा. दारुड्या बुद्धिजीवी नीलकंठ स्वतः घटकच झालेत, आणि ते स्वतःही तसेच प्यायचे, ७६ मध्ये पन्नाशीतच गेले. एका ठिकाणी हा माणूस दारू थेट कॅमेऱ्याच्या भिंगावर ओततो, म्हणजे आपल्याच अंगावर की! पण फरक बघा, अँडर्सचं दुःख त्याच्यापुरतं आहे, नीलकंठ फाळणी, बांगलादेशातून आलेली निर्वासित मुलगी, जंगलातले नक्षलवादी पोरं असं सगळं बरोबर घेऊन भटकतो. आपल्याकडे 'मी कोण' च्या आधी 'आपण कुठले' येतं बहुतेक.

सविता_ताई
ते सगळं ठीक आहे हो, पण नीलकंठाची बायको सुरुवातीलाच मुलाला घेऊन घर सोडते, आणि पुढचा बहुतेक सिनेमा नवऱ्याच्या मागे. अँडर्सची बहीण तर भेटायलाच येत नाही, मैत्रिणीला पाठवते. का येत नाही? तिनं काय काय सोसलं असेल? ह्यावर कोणी दोन तास देत नाही. गडकऱ्यांचं 'एकच प्याला' १९१९ चं, भडक आहे, मान्य, पण तिथे सिंधू जात्यावर बसलेली दिसते तरी. आत्मशोध पुरुषाचा आणि बिल घरच्यांच्या नावावर 😏

पडद्यामागे
@सविता_ताई बहिणीचं न येणं हेच उत्तर आहे असं मला वाटतं. आईवडिलांचं घरही विकायला काढलंय, ते कोणी रडून सांगत नाही, तुम्हाला खोल्यांवरून कळतं.

सविता_ताई
खोल्या बोलतात, बहीण नाही. तेच म्हणतेय मी.

रिकामटेकडा
ताई पॉइंट आहे, पण कॅमेरा बहिणीकडे गेला असता तर अँडर्सचा तो एकटेपणा आला असता का, हे अजून पटत नाहीये मला. घटक शनिवारी बघतो, सबटायटलवाली प्रिंट कुणाकडे असेल तर सांगा.