जागा रिकाम्या, अर्जांचे ढीग आणि पगार जागच्या जागी: श्रमबाजाराचा अभ्यास कोठून सुरू करावा?

चाकरमानी (अंधेरी) यांचा प्रश्न

नमस्कार. मी वाणिज्य शाखेचा पदवीधर असून अंधेरीतील एका भरती सल्लागार संस्थेत काम करतो. कंपन्यांकडून रिकाम्या जागांचा तपशील घेणे, आलेल्या अर्जांची छाननी करणे आणि उमेदवाराला मुलाखतीपर्यंत पोहोचवणे, हे आमचे काम. यंदा दूरस्थ पद्धतीने अर्थशास्त्रात एम. ए. ला प्रवेश घेतला असून श्रमाचे अर्थशास्त्र हा ऐच्छिक विषय घ्यावा असे मनात आहे.

अडचण पहिल्याच प्रकरणात आली. मागणीची रेषा आणि पुरवठ्याची रेषा जेथे छेदतात तेथे वेतन ठरते आणि त्या वेतनावर काम करण्यास तयार असलेला कोणीही रिकामा राहत नाही, असे तेथील आकृती सांगते. माझ्या टेबलावर मात्र लेखा सहायकाच्या एकाच जागेसाठी अर्जांचा ढीग पडलेला असतो आणि ती जागा दोन-दोन महिने रिकामीच राहते. माणूस मिळत नाही म्हणून कंपनी पगार वाढवत नाही. अर्ज भरपूर आहेत म्हणून तो कमीही करत नाही. निवड झालेल्या उमेदवाराला जुन्या कंपनीत नव्वद दिवसांचा नोटीस पिरियड भरायचा असतो आणि नव्या कंपनीला उद्यापासून रुजू होणारा माणूस हवा असतो. ज्या जागा चटकन भरतात, त्या बहुधा आमच्याकडे येण्यापूर्वीच आतल्या कोणाच्या तरी ओळखीने भरलेल्या असतात.

या वस्तुस्थितीचे स्पष्टीकरण देणारा सिद्धांत कोणता, आणि मुंबईत राहून नोकरी सांभाळत हा विषय गांभीर्याने अभ्यासायचा असेल तर हात कशाला घालावा, याविषयी जाणकारांनी मार्गदर्शन करावे.

निवृत्त प्राध्यापिका (विलेपार्ले)

ती आकृती एका गृहीतकावर उभी आहे: प्रत्येक मालकाला प्रत्येक कामगार, आणि प्रत्येक कामगाराला प्रत्येक जागा, विनाखर्च आणि विनाविलंब ठाऊक असते. हे गृहीतक काढून घेतले की रिकाम्या जागा आणि रिकामी माणसे एकाच वेळी असणे यात विसंगती उरत नाही. पीटर डायमंड, डेल मॉर्टेन्सन आणि ख्रिस्तोफर पिसारिडीस या तिघांना २०१० चे अर्थशास्त्राचे नोबेल मिळाले ते याच विश्लेषणासाठी. त्यांच्या मांडणीत जागा आणि माणूस यांची गाठ पडणे ही स्वतंत्र प्रक्रिया आहे, तिला वेळ लागतो, दोन्ही बाजूंना खर्च येतो, आणि आपल्यासारख्या मध्यस्थ संस्थांचा सगळा व्यवसाय त्या खर्चावरच चालतो.

उमेदवाराच्या बाजूने पाहा. कल्याणला राहणाऱ्या मुलीला अंधेरीत बावीस हजारांची आणि ठाण्यात एकोणीस हजारांची नोकरी मिळत असेल, तर ती केवळ तीन हजारांचा फरक पाहत नाही. दादरला गाडी बदलणे किंवा घाटकोपरहून मेट्रो धरणे, परतीचा उशीर आणि घरातील जबाबदारी हे सारे ती मनातल्या मनात वजा करते. ज्या पगाराखाली ती नोकरी स्वीकारणार नाही, तो प्रत्येक उमेदवाराचा वेगळा असतो आणि आपल्यापाशी आलेल्या अर्जावर तो लिहिलेला नसतो.

आता पगार का हलत नाही ते पाहू. कमी न होण्याचे कारण सोपे आहे: पगार उतरवला की उत्तम उमेदवार आधी गळतात, आणि जे येतात ते संधी मिळताच निघून जातात. कार्ल शापिरो आणि जोसेफ स्टिग्लिट्झ यांचा १९८४ चा लेख यासाठी जरूर वाचावा. बाजारभावापेक्षा थोडे अधिक वेतन देणे मालकालाच का परवडते, हे त्यात नेटके मांडले आहे. पगार न वाढण्याचे कारण मला अधिक रंजक वाटते. समजा, कंपनीत दहा लेखनिक वीस हजारांवर आहेत आणि अकरावा बावीस हजारांखाली येत नाही. नव्याचा आकडा चार दिवसांत जुन्यांच्या कानी जातो, हे वेगळे सांगायला नको. मग त्या दहांनाही बावीस हजार द्यावे लागतात आणि अकराव्या माणसाचा मासिक खर्च बावीस नव्हे, बेचाळीस हजार होतो. त्यापेक्षा जागा रिकामी ठेवलेली बरी, असा हिशेब मालक करतो. वेतनावर मालकाची अशी पकड असते, ही कल्पना जोन रॉबिन्सन यांनी १९३३ मध्येच मांडली होती. पुढे अनेक वर्षे ती एकाच कारखान्यावर जगणाऱ्या गावापुरती मर्यादित मानली गेली, हे मात्र चुकीचे झाले. ज्या स्त्रीला घरापासून तीन स्थानकांपलीकडे जाता येत नाही, तिच्यासाठी एवढ्या मोठ्या मुंबईतही मालक मोजकेच असतात.

मालकाची अशी पकड असेल, तर किमान वेतन वाढवल्याने रोजगार घटेलच असे नाही. याच अनुषंगाने डेव्हिड कार्ड आणि ॲलन क्रूगर यांचा १९९४ चा निबंध मुळातून वाचावा. न्यू जर्सी राज्याने एप्रिल १९९२ मध्ये किमान वेतन ताशी ४.२५ डॉलरवरून ५.०५ डॉलर केले, शेजारच्या पेनसिल्व्हेनियाने केले नाही. दोन्हीकडील ४१० फास्ट फूड उपाहारगृहांची तुलना करता न्यू जर्सीत रोजगार घटल्याचे आढळले नाही. त्या निष्कर्षावर बराच वाद झाला, तरीही दोन शेजाऱ्यांची तुलना करण्याची ती पद्धत विद्यार्थ्याने आत्मसात करावी अशीच आहे. कार्ड यांना २०२१ मध्ये नोबेल मिळाले. क्रूगर तोपर्यंत हयात नव्हते.

लालबागकर

मॅडमचे विवेचन पटण्यासारखे आहे, मात्र त्यातून एक गोष्ट सुटली. प्रश्नकर्त्यांनी शेवटी ओळखीने भरल्या जाणाऱ्या जागांचा उल्लेख केला आहे आणि माझ्या मते खरी मेख तेथे आहे. गाठ पडायला वेळ लागतो, असे म्हटले की तो अडथळा सर्वांना सारखाच आहे असे वाटू लागते. या शहराचा इतिहास तसा नाही.

गिरण्यांमध्ये भरती मुकादमाच्या हाती असे. तो आपल्या गावचे, आपल्या नात्यातले लोक आणी, त्यांना खोली मिळवून देई, अडीनडीला उचलही देई आणि त्या बदल्यात दस्तुरी घेई. १९२९ साली नेमलेल्या शाही श्रम आयोगाने या लाचखोरीवर कडक टीका केली आहे. त्याच सुमारास डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी जाहीरपणे उपस्थित केलेला प्रश्न तर श्रमाच्या अर्थशास्त्राच्या प्रत्येक वर्गात शिकवला पाहिजे. विणकाम खात्यात मजुरी जास्त होती, परंतु तुटलेला धागा धोट्यातून तोंडाने ओढून घ्यावा लागे, आणि तेवढ्या कारणावरून अस्पृश्य कामगारांना त्या खात्यात येऊ दिले जात नसे. येथे मागणी होती, पुरवठा होता, कौशल्य शिकण्याची तयारीही होती. खात्याचे दार तेवढे बंद होते.

ओळखीचे हे जाळे पुढच्या पिढीवर काय परिणाम करते, हे पाहायचे असल्यास कैवन मुन्शी आणि मार्क रोझेनझ्वाइग यांचा २००६ चा निबंध वाचा. अभ्यास आपल्या दादरमधील शाळांचा आहे. १९९० च्या दशकात इंग्रजी जाणणाऱ्यांच्या कमाईत मोठी वाढ होत असतानाही ज्या जातींचे पुरुष पिढ्यान्‌पिढ्या कारखान्यांत आणि तत्सम कामांत एकमेकांना लावून देत आले होते, त्या घरांतील मुलगे मराठी माध्यमातच राहिले, आणि त्याच घरांतील मुली मात्र वेगाने इंग्रजी माध्यमाकडे वळल्या. मुलींना त्या जाळ्यात पूर्वीही जागा नव्हती, म्हणून त्यांना धरून ठेवणारेही काही नव्हते. बापाची ओळख मुलाला नोकरी देते आणि तीच त्याला नव्या नोकरीपासून दूर ठेवते, असा याचा अर्थ मी लावतो.

बाजाराला कायद्याने वळण देता येते की नाही, याची उदाहरणेही येथेच आहेत. १९६९ चा माथाडी कायदा घ्या. हमाल आज या गाळ्यावर, उद्या त्या गोदामात. त्याचा मालक कोण, हे सांगता येत नाही. कायद्याने मंडळ स्थापन केले, नोंदणीकृत मालकाने मजुरी आणि तिच्यावरील लेव्ही मंडळाकडे भरायची आणि मंडळाने टोळीतील कामगारांना वेतन, भविष्यनिर्वाह निधी, बोनस द्यायचा, अशी व्यवस्था लावून दिली. अण्णासाहेब पाटलांच्या लढ्यातून हे उभे राहिले. माथाडीच्या नावाखाली खंडणी उकळणाऱ्यांच्या तक्रारी आज सर्वांना ठाऊक आहेत आणि बंदिस्त नोंदणीमुळे बाहेरच्याला प्रवेश मिळत नाही, हा आक्षेपही गैरलागू नाही. तरीसुद्धा गिग कामगारांना, म्हणजे ॲपवरून सुटी कामे घेणाऱ्यांना, सामाजिक सुरक्षा कशी द्यावी याची चर्चा करणाऱ्यांनी आधी माथाडींच्या मशीद बंदरला एक फेरी मारावी, असे मला वाटते.

सर्वेक्षणवाली (ठाणे)

मी काही काळ पीएलएफएस, म्हणजे नियतकालिक श्रमबल सर्वेक्षणाच्या क्षेत्रकामात होते. एप्रिल २०१७ मध्ये सुरू झालेल्या या पाहणीतूनच देशाचा बेरोजगारीचा अधिकृत दर येतो, तेव्हा सिद्धांताबरोबर तिची प्रश्नावलीही वाचावी, असे सुचवते.

प्रश्नकर्त्यांच्या ढिगातील बरेचसे अर्जदार आजही कोठेतरी नोकरीत असतील. पाहणीच्या दृष्टीने ते बेरोजगार नाहीत. चालू साप्ताहिक स्थितीनुसार मागील सात दिवसांत एक तास जरी काम केले असेल, तरी ती व्यक्ती रोजगारात धरली जाते. काम नसून जी ते शोधते आहे किंवा मिळाल्यास करायला तयार आहे, तीच बेरोजगार. त्यामुळे २०२३-२४ मध्ये पंधरा वर्षांवरील लोकांमधील बेरोजगारीचा दर नेहमीच्या स्थितीनुसार, म्हणजे मागील सात दिवसांऐवजी वर्षभराचे काम पाहून, ३.२ टक्के आणि पंधरा ते एकोणतीस वयोगटात मात्र १०.२ टक्के, हे पाहून गोंधळू नये. पोटाची भ्रांत असलेला माणूस बेकार राहूच शकत नाही, तो मिळेल ते करतो. शिकलेल्या मुलाला घरच्यांच्या आधारावर काही काळ थांबता येते आणि तो थांबतो म्हणून मोजला जातो.

याहून अवघड भाग स्त्रियांचा. पंधरा वर्षांवरील स्त्रियांचा श्रमबलातील, म्हणजे काम करणाऱ्या किंवा शोधणाऱ्या लोकांतील, सहभाग २०१७-१८ मध्ये २३.३ टक्के होता, तो २०२३-२४ मध्ये ४१.७ टक्के झाला. ही वाढ प्रामुख्याने ग्रामीण भागातील, आणि तीही स्वयंरोजगारातील आहे. शहरांत आकडा २८ टक्क्यांपर्यंतच पोहोचला. या स्वयंरोजगारात बिनपगारी मदतनीसांचा वाटा मोठा आहे. आता चाळीतल्या एका खोलीचे उदाहरण घ्या. नवऱ्याची वडापावची गाडी आहे. बाईला विचारले, की ती सांगते, "मी घरीच असते." असे उत्तर जसेच्या तसे उतरवले तर तिला ९२ हा संकेतांक मिळतो, म्हणजे केवळ घरकाम, आणि ती श्रमबलाच्या बाहेर जाते. पण बटाटे कोण उकडते, चटणी कोण वाटते, असे पुढे विचारले तर ती पहाटे चारपासून तेच करत असते. मग संकेतांक २१, म्हणजे घरच्या व्यवसायातील मदतनीस, आणि ती रोजगारात जमा होते. बाई तीच, चटणीही तीच. म्हणून सहभागाचा आकडा वाढला की स्त्रियांना नोकऱ्या मिळाल्या, असा अर्थ लगेच काढू नये.

निवृत्त प्राध्यापिका (विलेपार्ले)

लालबागकरांचा आक्षेप मान्य. त्यात रोजंदारीचे मजूर कामासाठी उभे राहतात त्या नाक्याची भर घालते, कारण आकृतीच्या सर्वांत जवळ जाणारा बाजार तोच, असे वरवर वाटते. सकाळी आठच्या सुमारास कोणत्याही कामगार नाक्यावर उभे राहून पाहा. गवंडी आपली थापी आणि ओळंबा, रंगारी आपला रोलर पिशवीच्या वर दिसेल असा ठेवतो. कौशल्य सिद्ध करण्यासाठी त्याच्यापाशी प्रमाणपत्र नसते. पदवी ही मालकाला न दिसणाऱ्या गुणांची खूण ठरते, असे मायकेल स्पेन्स यांनी १९७३ मध्ये मांडले; तेच येथे थापीकडून साधले जाते. दहा वाजून गेले तरी अनेकांना काम मिळालेले नसते, आणि तरीही रोजाचा दर सहसा उतरत नाही; माणसे घरी परततात.

असे का, याचा उलगडा एमिली ब्रेझा, सुप्रीत कौर आणि नंदिता कृष्णस्वामी यांनी ओडिशातील गावांत केलेल्या प्रयोगातून होतो. चालू दरापेक्षा कमी मजुरीवर काम करण्याची तयारी कामगार एकांतात दाखवतात, परंतु इतर कामगारांना ते कळणार असेल तर नकार देतात. संघटना नाही, करार नाही, तरीही दर टिकतो तो एकमेकांच्या धाकाने. मुंबईच्या नाक्यांवर असा अभ्यास कोणी काळजीपूर्वक केला, तर तो एम. ए. च्या प्रबंधासाठी उत्तम विषय होईल.

चाकरमानी (अंधेरी)

सर्वांचे आभार. मुकादमाविषयी वाचताना आमच्याच व्यवसायाकडे मी निराळ्या नजरेने पाहू लागलो आहे. एक शंका उरते. पीएलएफएसची मूळ आकडेवारी सामान्य विद्यार्थ्याला मिळते का? मला मुंबईतील तिशीच्या आतील वाणिज्य पदवीधरांच्या बेरोजगारीचा दर काढून पाहायचा आहे.

सर्वेक्षणवाली (ठाणे)

मिळते, आणि विनामूल्य मिळते. सांख्यिकी मंत्रालयाच्या संकेतस्थळावर नोंदणी केली की व्यक्तिगणिक नोंदी उतरवून घेता येतात. नावे आणि पत्ते अर्थातच काढून टाकलेले असतात. २०२५ पासून पाहणीची रचना बदलली असून आकडे दर महिन्याला प्रसिद्ध होतात, तेव्हा जुन्या आणि नव्या वर्षांची सरळ तुलना करू नका.

आपण म्हणता तो दर मात्र काढू नये, असा माझा सल्ला आहे. मुंबई शहर आणि उपनगर मिळून नमुन्यात येणारी कुटुंबे आधीच मर्यादित, त्यातून तिशीच्या आतील, त्यातून पदवीधर, त्यातून बेरोजगार असे गाळत गेलात तर हाती बोटांवर मोजण्याइतकी माणसे उरतील. त्यापेक्षा संपूर्ण महाराष्ट्राचा शहरी भाग घ्या आणि दोन-तीन वर्षे एकत्र करा. प्रत्येक नोंदीबरोबर दिलेला भारांक, म्हणजे ती नोंद किती लोकांचे प्रतिनिधित्व करते तो आकडा, लावल्याशिवाय एकही टक्केवारी काढू नका. पहिला सराव म्हणून अहवालात छापलेला राज्याचा आकडा स्वतः काढून पाहा. तो जुळला नाही, तर बहुतेक वेळा भारांकाच्या भागाकारात गफलत झालेली असते.