सोलापुरात न्यू वेव्ह नाइट: गाण्यांचे वेग आणि हॉलचा घुमारा

होटगीरोडकर:
होटगी रोडवरच्या बंदिस्त हॉलमध्ये ८०च्या दशकातल्या न्यू वेव्हची (सिंथेसायझरवाल्या पाश्चात्त्य पॉपची) डान्स नाइट ठरतेय. हॉल ४० बाय ३० फूट, खाली ग्रॅनाइट, दोन बाजूंना काच, माणसं १२०. डीजे सॉफ्टवेअरमध्ये सिंक (दोन गाण्यांचे वेग आपोआप जुळवणं) लावलं की गायकाचा आवाज चिरकतो, आणि स्नेअर (कडक वाजणारा ड्रम) हॉलभर घुमतो. काय करावं?

बीपीएम१३०:
सिंक आधी बंद करा. त्या काळी बऱ्याच बँडांत ड्रमर हाताने वाजवायचा. वेग मागेपुढे होतो आणि सॉफ्टवेअरची बीटग्रिड (ठोक्यांच्या खुणा) मिनिटभरात सरकते. ड्रम मशीनची गाणी मात्र हलत नाहीत. सेटचा कणा त्यांचाच ठेवा.

ह्यूमन लीगचं 'डोन्ट यू वॉन्ट मी' (१९८१) साधारण ११८ बीपीएम (मिनिटाला ठोके), न्यू ऑर्डरचं 'ब्लू मंडे' (१९८३) १३०. या टप्प्यात दर गाण्याला दोन-तीन बीपीएम चढत जा. सॉफ्ट सेलचं 'टेन्टेड लव्ह' (१९८१) मात्र १४४च्या आसपास. १३०वरून तिथं पोचायला वेग ११ टक्के वाढवावा लागतो, आणि ४ टक्क्यांपुढे गळा खरवडल्यासारखा ऐकू येतो. तिथं मिक्स करूच नका. चालू गाण्याच्या ओळीच्या शेवटी एको देऊन तोडा, पुढचं थेट पहिल्या ठोक्यावर सोडा.

शक्यतो १२ इंची (डान्ससाठी लांबवलेल्या) आवृत्त्याच घ्या. 'ब्लू मंडे'ची साडेसात मिनिटांची, सुरुवातीला नुसती किक (मोठ्या ड्रमचा ठोका). त्या किकवर आधीचं गाणं निवांत उतरवता येतं. रेडिओ आवृत्तीत गाणारा लगेच सुरू होतो, हातात वेळच राहत नाही.

जुनी मूळ रेकॉर्डिंग आजच्या गाण्यांपेक्षा बरीच कमी आवाजाची असतात. प्रत्येक गाण्याचा ट्रिम (मिक्सरवर आत येणाऱ्या आवाजाची पातळी) कानाने आणि मीटर बघून लावा. लिमिटरने (आवाजाची शिखरं दाबणाऱ्या यंत्रणेने) फुगवलंत तर किकचा ठोसाच जातो.

होटगीरोडकर:
ट्रिमचं लक्षात आलं. घुमाऱ्याचं?

पेठेतला_साउंडवाला:
त्या स्नेअरवर बऱ्याचदा स्टुडिओतच गेटेड रिव्हर्ब (मोठा पण झटकन तोडलेला घुमारा) दिलेला असतो. त्यात काचेचा घुमारा मिसळला की ठोका पुसतो. आपल्या गावात उपाय स्वस्त आहे: जाड सोलापुरी चादरी. स्पीकरसमोरची भिंत आधी धरा. ५ बाय साडेसात फुटांच्या आठ चादरी उभ्या टांगा, २० फूट रुंदीत चुण्या पाडून. ताणून लावल्या तर निम्मा फायदा जातो. काचेपासून चार इंच पुढे ठेवा, आणि सुती कापड आहे, तापणाऱ्या दिव्यांपासून लांबच. बेसवर याचा परिणाम नाही. स्पीकरची तोंडं मात्र खाली, नाचणाऱ्यांकडे वळवा.

रिकाम्या हॉलमध्ये ट्रेबल (वरचे तीक्ष्ण सूर) फार कापू नका. माणसं आली की तीच आवाज शोषतात.

जनरेटरभाऊ:
मिक्सर आणि लॅपटॉपला यूपीएस द्या, अ‍ॅम्प्लिफायर त्यावर नको. वीज गेली की आधी अ‍ॅम्प बंद करा, परत आली की तो सगळ्यात शेवटी चालू करा. नाहीतर धप्पकन आवाज येतो आणि ट्वीटर (स्पीकरमधला वरच्या सुरांचा भाग) उडतो. स्ट्रोब (लुकलुकणारा दिवा) सेकंदाला ४ चमकांच्या आत ठेवा, अपस्माराचा त्रास असणाऱ्यांना त्यापुढे धोका वाढतो. गाणी जाहीर वाजवण्यासाठी पीपीएल (रेकॉर्डिंगचे हक्क) आणि आयपीआरएसचे (गीत-संगीताचे हक्क) परवाने आधीच काढा, आणि रात्री १० नंतर दारं-खिडक्या बंद.