मदत हवी आहे: एमिलिया वाशारिओवा यांची नाटकं कुठे पाहायला मिळतील?

नमस्कार मंडळी,

माझ्या आईने वीस वर्षं राज्य नाट्य स्पर्धेत कामं केली. मागच्या महिन्यात आम्ही ‘पेलीश्की’ (१९९९) हा चेक चित्रपट पाहिला. १९६७-६८चं प्राग आणि शेजारशेजारची दोन कुटुंबं. त्यातल्या एका कुटुंबातली, क्राउसची बायको चित्रपटात मध्येच वारते. तिचे मोजकेच प्रसंग पाहून आई म्हणाली, "ही बाई नाटकातली आहे. गप्प बसलेली असतानाही ऐकतेय बघ कशी."

शोधलं तर आईचं खरं निघालं. या एमिलिया वाशारिओवा. जन्म १९४२, गाव होर्ना श्तुब्न्या. स्लोव्हाकियाच्या राजधानीत, ब्रातिस्लावाला नाट्यशिक्षण घेतलं आणि १९६४ पासून तिथल्याच स्लोव्हाक राष्ट्रीय रंगभूमीच्या नाट्यसंचात. तिथे नट कायमचे पगारी असतात आणि एकाच मोसमात वेगवेगळी नाटकं आलटूनपालटून करतात. आईला सगळ्यात हेवा वाटला तो याचा. आमच्याकडे तालमीला यायचं म्हणजे आधी ऑफिसात रजा टाका!

चित्रपट मिळेल तसे पाहतोय. व्होयतेख यास्नी यांच्या १९६३च्या चित्रपटात त्या चष्मा घातलेल्या बोक्याला घेऊन गावात येतात. बोक्याचा चष्मा काढला की प्रेमात पडलेली माणसं लाल दिसतात, खोटारडी जांभळी. कान चित्रपट महोत्सवात त्या चित्रपटाला ज्युरींचं विशेष पारितोषिक मिळालं होतं. तेव्हा बाई जेमतेम एकवीस वर्षांच्या. आणि मग एकदम ‘होरेम पादेम’ (२००४), ज्यासाठी त्यांना चेक लायन हा तिथला चित्रपट पुरस्कार मिळाला. नवऱ्याने सोडलेली, कडवट झालेली बाई. तिचं बोलणं ऐकवत नाही, पण तिच्यावरून नजरही हटत नाही. हा मी दोनदा पाहिला.

पण हे सगळं पडद्यावरचं. ज्या रंगमंचावर या बाईंचं आयुष्य गेलं, तिथलं आम्ही एक मिनिटही पाहिलेलं नाही आणि आईला तेच पाहायचंय.

म्हणून विचारतो. ब्रातिस्लावाच्या दूरदर्शन केंद्रातून दर सोमवारी नाटकं दाखवत, ‘ब्रातिस्लावाचे सोमवार’ म्हणून ती प्रसिद्ध होती. त्यातली वाशारिओवांची कामं भारतातून पाहता येतात का? इंग्रजी सबटायटल्सची फाइल मिळाली तरी पुरे. आईला आता पडद्यावरची अक्षरं दिसत नाहीत, मी शेजारी बसून मराठीत सांगत जातो. चित्रपटाला जमतं, नाटकात संवाद भराभर येतात, म्हणून आधी भाषांतर करून ठेवीन.

दुसरं, बोक्याच्या चित्रपटात त्यांचा स्वतःचाच आवाज आहे का? त्या स्लोव्हाक, चित्रपट चेक. आईला हे नक्की हवंय.

आणि त्यांची बहीण माग्दा, तीही अभिनेत्री, १९९९ला स्लोव्हाकियाच्या राष्ट्राध्यक्षपदाची निवडणूक लढवलेली. दोघी बहिणींनी एकत्र केलेलं काही असेल तर तेही कृपया सांगा.

प्राग-ब्रातिस्लावाकडे राहणारं कुणी इथे असेल तर आडनावाचा उच्चारही तपासून द्या. आई रोज वेगळा करते आणि मला विचारते.