गोव्यातली गावं बघायची आहेत: कुठे जावं, कधी जावं?

आंबोलीघाट
नमस्कार मंडळी. दरवर्षी मंगेशी आणि शांतादुर्गेला जातो, दर्शन-अभिषेक उरकतो आणि दुसऱ्या दिवशी परतीच्या वाटेला लागतो. यंदा आई म्हणाली, आपला देव तिथला, तर तिथले लोक कसे राहायचे तेही एकदा दाखव. किनारा नको, क्रूझ नको. शेती कशी चालते, जमीन कोणाच्या नावावर असायची, सणावाराला बायका काय करतात, हे बघायचं आहे. सोबत आई (गुडघ्यांचा त्रास आहे) आणि नववीतली मुलगी. दिवाळीनंतर मे अखेरपर्यंत कधीही जमेल. मोजक्याच जागा सांगा, पण सावकाश बघता येतील अशा.

तिसवाडीकर
दादा, एकच सांगायचं तर खाजन शेती बघा, म्हणजे बांध घालून खाऱ्या पाण्यापासून मिळवलेली शेती. जुन्या गोव्याहून फेरीबोटीने दिवाडी बेटावर किंवा रायबंदरहून चोडण बेटावर जा. आईंना फार चालावं लागणार नाही, गाडी बोटीत चढते.

मांडवी-जुवारी नद्यांतून भरतीचं खारं पाणी पार आतवर येतं. गावकऱ्यांनी कित्येक शतकांपूर्वी चिखल, जांभा दगड, पेंढा आणि बांबू वापरून बांध घातले आणि त्यामागची जमीन भातासाठी मिळवली. बांधाला ठिकठिकाणी मानस असते, म्हणजे लाकडी दारांचं पाणदार. भरती चढली की नदीचं पाणीच दार दाबून बंद करतं. ओहोटी लागली की आतल्या पाण्याच्या जोराने ते आपोआप उघडतं आणि शेतातलं पाणी बाहेर जातं. ना मोटर, ना माणूस. ओहोटीला मानशीच्या तोंडाशी जाळं लावून मासळी, सुंगटं (कोळंबी) धरतात आणि त्या मासेमारीचा लिलाव होतो. पावसाळ्यात जमिनीतलं मीठ धुऊन गेलं की त्याच ठिकाणी खारं सोसणारं कोरगुट भात उभं राहतं. मुलीला भरती-ओहोटीचं वेळापत्रक बघून न्या आणि ओहोटी लागायच्या जरा आधी मानशीपाशी उभं करा. दार हलताना बघितलं की वेगळं काही समजावून सांगावं लागत नाही.

आता जमीन कोणाची, हा तुमचा प्रश्न. असा बांध एकट्यादुकट्याचं काम नाही. म्हणून 'गावकरी' नावाची गावाची संस्था होती: जमीन गावाची, लिलावाने कसायला द्यायची, येणाऱ्या पैशातून बांध, देऊळ आणि गावचा इतर खर्च भागवायचा, उरलेलं गावकारांत, म्हणजे गावच्या मूळ घराण्यांत, वाटायचं. पोर्तुगीज आले तेव्हा ही व्यवस्था जुनीच होती. १५२६ च्या फोरालमध्ये (सनदेत) त्यांनी तिचे रीतिरिवाज लिहून घेतले आणि पुढे तिला कोमुनिदाद म्हणू लागले. गोवा मुक्त झाल्यावर १९६४ चा कूळ कायदा आला. कुळाला संरक्षण मिळालं ते न्यायाचंच होतं. पण बांधाची काळजी गावकरीकडून कुळांच्या संघटनांकडे गेली आणि पुष्कळ ठिकाणी ती घेतलीच गेली नाही. फुटलेला बांध आणि खारं पाणी शिरून पडीक झालेलं शेतही दिसेल. तेही मुलीला दाखवा, इतिहासाचाच भाग आहे तो.

सत्तरीची_सून
तिसवाडीकरदादांनी सांगितलं ते जुन्या काबिजादीतलं, म्हणजे पोर्तुगीजांनी आधी जिंकलेल्या मुलखातलं. तिसवाडी, बारदेश, सासष्टी हे तालुके सोळाव्या शतकातच पोर्तुगीजांकडे गेले. आमची सत्तरी, डिचोली, फोंडा, पेडणे, काणकोण ही नवी काबिजाद अठराव्या शतकातली. त्यामुळे देवळं, मांड (सणाला जमायची गावातली राखीव जागा), जत्रा इकडे फार टिकल्या. तुमचे मंगेशी-शांतादुर्गासुद्धा मूळचे सासष्टीतले. मूर्ती नदीपलीकडे फोंड्यात आणल्या म्हणून वाचल्या, हे आईंना ठाऊक असेलच.

जमलं तर पौषात या. रात्री मांडावर ढालो असतात, म्हणजे बायकांचा गाण्यांसकट नाच. बायका समोरासमोर दोन रांगा करतात, एकमेकींच्या कमरेला हात घालून वाकत वाकत पुढे-मागे होतात आणि गातात. ढोल नाही, पेटी नाही, नुसते गळे. ओव्यांत सासर-माहेर येतं, रान येतं, देव येतात. मांड पवित्र जागा आहे, चपला घालून चढू नका. दादा, तुम्ही बाजूला थांबायचं, ढालो बायकांचे. आईंना आणि लेकीला मात्र कोणी ना कोणी हाताला धरून आत घेईल. मोबाईलचा दिवा लावून चित्रण नको, एवढी विनंती. मंचावरचे ढालो बघून समाधान मानू नका, त्यात मांड नसतो.

आंबोलीघाट
ताई, दादा, फार आभार. पौष पक्का करतो. आईला दोन रात्री जागणं झेपेल का ते बघावं लागेल. बाणावलीच्या 'गोवा चित्र' संग्रहालयाबद्दल कोणी सांगेल का? आणि देवळांजवळच्या मसाल्याच्या बागा?

मिठागर
गोवा चित्र अवश्य बघा. व्हिक्टर ह्युगो गोम्स यांनी गावोगावची शेतीची आणि घरातली जुनी अवजारं जमवून उभं केलं आहे. पण आधी शेत बघा, मग संग्रहालय. उलट केलंत तर अवजारं नुसती अवजारंच राहतात.

मसाल्याच्या बागांबद्दल माझं मत वेगळं आहे. गळ्यात हार, बुफे जेवण, हत्ती, यात गाव कुठे आलं? ओळखीतून एखादं चालतं कुळागर बघा. डोंगरउतारावर पोफळी, त्यांवर चढलेली मिरी, मधून माड आणि केळी, आणि वरच्या झरीपासून पाटाने खाली खेळवलेलं पाणी. पाटाचं पाणी कोणी, कधी, किती घ्यायचं यावर एकेका वाड्याचे संबंध ठरतात. मालकाला तेवढंच विचारा, तास निघून जाईल.

फोंड्याची_माहेरवाशीण
कुळागराचं मी बघते. नात्यातल्या घरी शब्द टाकते, व्यनि करा. आईंना पायऱ्या पडणार नाहीत अशी बाजू आहे.

मेमध्ये पुन्हा येणं झालं तर कुर्डीला जा. साळावली धरणाखाली गेलेलं गाव. मे महिन्यात पाणी उतरलं की वर येतं: जोती, विहिरी, सोमेश्वराचं देऊळ. विस्थापित लोक त्या दिवसांत देवाच्या उत्सवाला मूळ गावात परततात, ख्रिस्ती मंडळीही आपल्या चॅपेलच्या फेस्ताला (सणाला) येतात. गायिका मोगूबाई कुर्डीकरांचं हेच गाव. तुमच्या आई गाणं ऐकत असतील तर त्यांना तिथे जास्त वेळ द्या. सावली अजिबात नाही. सकाळी लवकर जा, छत्री आणि पाणी जवळ ठेवा आणि चिखलावर गाडी घालू नका.

सत्तरीची_सून
जाता जाता: शुक्रवार मिळाला तर म्हापशाचा बाजार सोडू नका. गावठी मिरची, सोलं (आमसुलं), मातीची भांडी, सगळं खेड्यांतून येतं. मे असेल तर पुरुमेंताची खरेदीही दिसेल, पावसाळ्याच्या बेगमीसाठी सुकी मासळी, चिंच, मीठ. नऊच्या आत पोचा, बायका तेव्हा मोकळेपणी बोलतात. आणि ढालोचं निश्चित झालं की मला कळवा, कुठल्या वाड्यावर कधी आहे ते विचारून सांगते.