कधीच न घडलेला संवाद आणि इतिहासाची साक्ष: एबरहार्ड फेश्नर यांचे माहितीपट

प्रश्न (झरोका):
जर्मन दूरचित्रवाणीसाठी माहितीपट करणाऱ्या एबरहार्ड फेश्नर (१९२६–१९९२) यांच्या कारकिर्दीविषयी जाणकारांचे मत हवे आहे. ते मूळचे नट. मिलानच्या पिक्कोलो तेआत्रो या नाट्यसंस्थेत दिग्दर्शक जॉर्जो स्ट्रेलर यांच्या हाताखाली काम करून ते पुढे हॅम्बुर्गच्या एनडीआर वाहिनीत आले. नाव मात्र झाले ते ज्यांत माणसे केवळ बसून बोलतात अशा माहितीपटांमुळे. निवेदन मोजकेच, पण वेगवेगळ्या वेळी, वेगवेगळ्या घरांत चित्रित केलेली वाक्ये त्यांनी अशी जोडली आहेत की बोलणारे जणू एकाच टेबलाभोवती बसून एकमेकांना उत्तरे देत आहेत. जो संवाद कधी घडलाच नाही तो रचणाऱ्याचे काम इतिहासाचे साधन म्हणून कितपत ग्राह्य धरावे?

उत्तर (संकलनकक्ष):
आपली शंका रास्त आहे, पण ती प्रत्येक चित्रपटाला सारखी लागू होत नाही. ‘कॉमेडियन हार्मोनिस्ट्स’ या, त्याच नावाच्या गायकवृंदावरील माहितीपटाचेच पाहा. या वृंदातील ज्यू सदस्यांवर नाझी राजवटीत बंदी आली आणि १९३५मध्ये वृंद फुटला. चार दशकांनंतर फेश्नर यांनी हयात सदस्यांना गाठले तेव्हा कोणी बर्लिनमध्ये, कोणी सोफियात, तर कोणी कॅलिफोर्नियात राहत होता. एकाच भांडणाच्या, एकाच पैशाच्या हिशेबाच्या आठवणी प्रत्येकाने आपापल्या सोयीने जपल्या होत्या आणि संकलनात त्या समोरासमोर आल्यावर कोण काय वगळतो आहे, हे निवेदकाने न सांगताही कळते. इथे रचलेला संवाद विसंगती झाकत नाही, उघडी पाडतो.

‘डेर प्रोत्सेस’ (‘खटला’, १९८४) मात्र वेगळ्या तोलाचे काम आहे. मायदानेक या नाझी छळछावणीतील कर्मचाऱ्यांवरचा खटला ड्युसेलडॉर्फमध्ये १९७५ ते १९८१ असा चालला. जर्मन कायद्यानुसार सुनावणीचे चित्रीकरण करता येत नाही. त्यामुळे न्यायाधीश, सरकारी वकील, बचावाचे वकील, छावणीतून वाचलेले साक्षीदार आणि स्वतः आरोपी यांच्याशी न्यायदालनाबाहेर बोलून फेश्नर यांना सारा खटला संकलनाच्या टेबलावर पुन्हा उभा करावा लागला. सुमारे साडेचार तासांचा, तीन भागांचा हा माहितीपट करण्यात त्यांची कित्येक वर्षे गेली. आणि एवढे होऊनही तो एआरडी या सार्वजनिक प्रसारणसंघाच्या मुख्य वाहिनीवर न दाखवता प्रादेशिक वाहिन्यांवर दाखवला गेला, हा निर्णय मला आजही खटकतो.

उत्तर (तळटीप):
वरील उत्तराशी बहुतांशी सहमत आहे. तथापि ‘डेर प्रोत्सेस’विषयी एक आक्षेप नोंदवावासा वाटतो. आरोपीच्या वाक्याला लागूनच साक्षीदाराचे वाक्य आले की प्रेक्षक नकळत न्यायाधीशाच्या खुर्चीत बसतो, आणि त्याच्यापुढे कोणता पुरावा कोणत्या क्रमाने यावा हे मात्र दिग्दर्शकाने आधीच ठरवलेले असते. निवेदन कमी केल्याने दिग्दर्शकाचे मत नाहीसे होत नाही, ते जोडणीत जाऊन बसते. तरीही झेडडीएफ या दुसऱ्या जर्मन सार्वजनिक वाहिनीवर गिडो क्नोप यांच्या देखरेखीखाली पुढे जे माहितीपट झाले, त्यांच्या तुलनेत फेश्नर अधिक प्रामाणिक वाटतात. क्नोप यांच्या पद्धतीत साक्षीदाराला बहुधा काही सेकंदच मिळतात आणि अर्थ काढण्याचे काम निवेदन व पार्श्वसंगीत उरकते; फेश्नर यांच्याकडे माणूस वाक्य अर्धवट सोडतो, शब्द शोधतो, स्वतःचेच म्हणणे खोडतो, आणि हे सारे पडद्यावर राहते.

उत्तर (जुनी रीळ):
फेश्नर नट होते, ही गोष्ट मला येथे महत्त्वाची वाटते. समोरचा माणूस कधी पाठ केलेले बोलतो आहे आणि कधी खरोखर आठवतो आहे, हे ओळखणारा कान त्यांना रंगभूमीने दिला असावा. शिवाय ते केवळ माहितीपटकार नव्हते: वाल्टर केम्पोव्स्की यांच्या कादंबरीवरून त्यांनी १९७५मध्ये ‘टाडेल्योझर उंड वोल्फ’ हा कथापट केला, आणि एका मध्यमवर्गीय कुटुंबाचे नाझी काळातील जगणे तेथेही घरगुती बोलण्यातूनच उलगडते. फेश्नर पाहण्याचा आरंभ ‘क्लासनफोटो’ (‘वर्गाचे छायाचित्र’) या माहितीपटापासून करावा, असे मी सुचवेन. बर्लिनमधील एका शाळेच्या एकाच वर्गातील मुले नाझी काळात कोणकोणत्या वाटांनी गेली, हे त्यात त्या मुलांच्याच, आता प्रौढ झालेल्या तोंडून ऐकायला मिळते, आणि या पद्धतीचे गुण व धोके दोन्ही त्यात स्पष्ट दिसतात.