बायबलमधले आणि ख्रिस्ती इतिहासातले आफ्रिकी लोक: शाळेच्या प्रदर्शनासाठी दहा फलक, काय घ्यावे नि काय टाळावे?

डिचोली_इतिहासमंडळ:

नमस्कार मंडळी. डिचोलीतल्या मराठी माध्यमाच्या हायस्कूलसाठी इतिहास मंडळाचे प्रदर्शन तयार होत आहे. विषय वरच्या ओळीत दिलाच आहे. मुले आठवी-नववीची, बहुतेक हिंदू, काही ख्रिस्ती. एकूण दहा फलक, प्रत्येक २×३ फुटांचा, आणि प्रदर्शनानंतर जुन्या गोव्याची एक दिवसाची सहल.

नेटवर या विषयावर दोन टोके दिसतात. एकीकडे बायबलमधली सगळीच माणसे कृष्णवर्णीय होती असे सांगणारे, दुसरीकडे आफ्रिकेचा आणि बायबलचा काहीच संबंध नाही असे मानणारे. मुलांसमोर ठेवायचे ते पक्के हवे. कोणत्या व्यक्ती निःशंक घ्याव्यात? कोणत्या चित्रांमुळे घोळ होतो? आणि गोव्याशी याचा खरा संबंध दाखवता येईल का, की ओढूनताणून जोडल्यासारखे होईल?

ग्रंथवाचक_फोंडा:

पहिला फलक नकाशाचा ठेवा, माणसांचा नको. बायबलमध्ये ज्याला कूश म्हटले आहे तो देश इजिप्तच्या दक्षिणेला, अस्वानच्या पुढे नाईलच्या काठाने पसरलेला. आजच्या हिशेबाने त्याचा मोठा भाग सुदानमध्ये येतो. काही आवृत्त्यांत त्याच जागी ‘इथिओपिया’ छापलेले असते, म्हणून मुले आदिस अबाबावर बोट ठेवतात आणि पुढचे सगळे फलक चुकत जातात. नकाशावर अस्वान, नापाता, मेरोए, अक्सूम, अलेक्झांड्रिया, कुरेने, कार्थेज आणि यरुशलेम एवढी आठ ठिकाणे पुरेत.

आता माणसे. ज्यांना ग्रंथच कूशी म्हणतो ती बिनधास्त घ्या. त्यांत माझ्या मते सर्वांत मोलाचा एबद-मलेख, आणि नेमका तोच प्रदर्शनांतून गळतो. यिर्मया ३८ वा अध्याय उघडा. यरुशलेमला बाबेलच्या सैन्याचा वेढा पडला आहे आणि सरदारांनी यिर्मया संदेष्ट्याला हौदात सोडले आहे. हौदात पाणी नाही, नुसता चिखल, त्यात तो रुतला आहे. राजवाड्यात चाकरीला असलेला हा कूशी माणूस उठतो, बन्यामीन वेशीत बसलेल्या सिद्कीया राजाला गाठतो आणि सरदारांनी केले ते वाईट केले, असे तोंडावर सांगतो. राजा त्याला तीस माणसे देतो. मग तो कोठाराखालच्या खोलीतून जुनी फाटकी वस्त्रे आणि चिंध्या गोळा करतो, दोरांनी खाली सोडतो आणि यिर्मयाला सांगतो की दोर काखेत घेण्याआधी या चिंध्या काखेखाली घाल. चिखलात रुतलेल्या माणसाला नुसत्या दोराने ओढले तर काखा सोलून निघतील, एवढा विचार त्याने केला. या फलकावर मजकूर कमी, चित्र मोठे ठेवा: हौद, दोर, चिंध्या. पुढच्याच अध्यायात (३९:१५-१८) त्याला जीव वाचण्याचे वचन मिळते, तेही खाली द्या.

दुसरी मोशेची कूशी बायको, गणना १२. मोशेची बहीण मिर्याम आणि भाऊ अहरोन तिच्यावरून त्याच्याविरुद्ध बोलतात, तेव्हा कोड उठते ते मिर्यामच्या अंगावर आणि सात दिवस छावणीबाहेर राहावे लागते ते तिलाच. बायकोचे नाव दिलेले नाही, तर तुम्हीही देऊ नका.

तिसरा तिऱ्हाका, २ राजे १९:९. इतिहासात हाच तहारका, इजिप्तच्या २५ व्या घराण्यातला कूशी राजा, कारकीर्द इ.स.पू. ६९० ते ६६४. अश्शूरच्या सन्हेरीबची स्वारी मात्र इ.स.पू. ७०१ ची. चुणचुणीत मुलगा हा फरक पकडणारच. तेव्हा तो राजपुत्र किंवा सेनापती असावा आणि लिहिणाऱ्याने नंतरच्या पदवीने त्याचा उल्लेख केला असावा, असा अर्थ बहुतेक अभ्यासक लावतात. ही ओळ फलकावरच टाका, म्हणजे शिक्षकाची धांदल होणार नाही.

चौथा प्रेषितांची कृत्ये, अध्याय ८ मधला खजिनदार. कांदके राणीच्या सगळ्या खजिन्यावरचा अधिकारी, यरुशलेमला उपासना करून गाझाच्या वाटेने परतताना रथात बसून यशयाचा ग्रंथ मोठ्याने वाचत आहे. फिलिप्प त्याला गाठतो, वाटेत पाणी दिसते, तिथेच बाप्तिस्मा होतो. कांदके हे एका बाईचे नाव नाही, मेरोएच्या राज्यातली ती पदवी. हा प्रसंग रोमन शताधिपती कर्नेल्याच्या बाप्तिस्म्याआधीचा (तो अध्याय १० मध्ये), हेही लिहा. म्हणजे युरोपात सुवार्ता पोहोचण्यापूर्वीच हा माणूस ती घेऊन दक्षिणेकडे निघालेला आहे.

पाचवा अंत्युखियाच्या मंडळीतला ‘निगेर’ म्हटलेला शिमोन, कृत्ये १३:१. निगेर म्हणजे लॅटिनमध्ये काळा, पण ग्रंथ त्याला कूशी म्हणत नाही. त्याच्या शेजारीच लूक्य कुरेनेकराचे नाव आहे. पौल आणि बर्णबा यांना ज्यांनी हात ठेवून पाठवले, त्यांतले हे दोघे.

जपून घ्यायची नावेही सांगतो. कुरेनेकर शिमोन, ज्याने येशूचा क्रूस वाहिला, तो आजच्या लिबियाच्या किनाऱ्यावरचा. कुरेने ही ग्रीक वसाहत, तिथे यहुदी वस्ती मोठी. त्याचा वर्ण ग्रंथात नाही. ‘आफ्रिकेचा’ लिहा, त्यापुढे जाऊ नका. शलमोन राजाला भेटायला आलेली शबाची राणीही तशीच. शबा बहुतेक अभ्यासक आजच्या येमेनमध्ये दाखवतात, इथिओपियाची परंपरा तिला मकेदा म्हणून आपली मानते. दोन्ही बाजू लिहा, निकाल देऊ नका.

नाईल_ते_मांडवी:

वरचे सगळे ग्रंथातले झाले. दहापैकी निदान तीन फलक ग्रंथानंतरच्या इतिहासाला द्या, कारण खरी गफलत तिथे होते. आफ्रिकेत ख्रिस्ती धर्म युरोपियनांनी नेला, असे मुले (आणि मोठीही) धरून चालतात.

अक्सूमच्या (इथिओपियातले जुने राज्य) फलकावर एझाना राजाची दोन नाणी शेजारी-शेजारी लावा. आधीच्या नाण्यावर वर चंद्रकोर आणि वर्तुळ, नंतरच्या नाण्यावर त्याच जागी क्रूस. चौथ्या शतकात एका राजाने धर्म बदलला, हे एवढ्याशा धातूवर दिसते आणि मुलांना पाठ करावे लागत नाही. खाली दोन ओळी: सोर शहराकडचा फ्रुमेंतियस अक्सूमच्या दरबारात वाढला आणि अलेक्झांड्रियाच्या अथनासियसने त्याला बिशप नेमले. पोर्तुगीज गोव्यात आले १५१० मध्ये, तेव्हा इथिओपियाचे चर्च हजार वर्षांहून जुने होते.

लालिबेलाची अकरा खडकात कोरलेली चर्चे वेरूळच्या कैलासाच्या फोटोशेजारी लावा. दोन्हीकडे दगड रचलेला नाही, वरून खाली कोरत नेला आहे. ‘बेत गियोर्गिस’ हे क्रूसाच्या आकाराचे चर्च सुमारे १२ मीटर उंच आहे. फोटो वरून घेतलेलाच निवडा, बाजूच्या फोटोत क्रूस दिसत नाही.

तिसरा फलक न्युबियाचा, आणि तो कृपा करून गाळू नका. आजच्या सुदानच्या उत्तर आणि मध्य भागात सहाव्या शतकापासून नोबातिया, मकुरिया आणि अलोदिया ही ख्रिस्ती राज्ये होती. अस्वानचे मोठे धरण होणार म्हणून १९६१ ते १९६४ या काळात पोलंडच्या पथकाने फरस इथे उत्खनन केले. वाळूखाली पूर्ण कॅथेड्रल निघाले, भिंतींवर १२० हून जास्त चित्रे. ती उतरवून काही वॉर्सात नेली, काही खार्टूमला ठेवली, जागा पाण्याखाली गेली. त्यांतले बिशप पेत्रोसचे चित्र घ्या, दहाव्या शतकाच्या अखेरचे. बिशपचा चेहरा गडद तपकिरी, मागे उभ्या संत पेत्राचा चेहरा फिका, आणि पेत्राचे हात बिशपच्या खांद्यांवर. चित्रकाराने वर्ण मुद्दाम वेगळे रंगवले आहेत आणि तरी मान दोघांना सारखा. या विषयावर याहून बोलके चित्र मला ठाऊक नाही.

वर्णाचा प्रश्न चित्रांतच जास्त अडचणीत आणतो. जर्मनीतल्या माग्डेबुर्ग कॅथेड्रलमध्ये संत मॉरिसचा १३ व्या शतकातला पुतळा स्पष्ट आफ्रिकी चेहऱ्याचा आहे. पण मॉरिस रोमन सेनेतला, त्याची कथा तिसऱ्या शतकाची, म्हणजे पुतळा जवळजवळ हजार वर्षांनंतरचा. युरोपने त्याला कसा पाहिला याचा तो पुरावा, तो कसा होता याचा नव्हे. बाळ येशूच्या भेटीला आलेल्या तीन राजांमधल्या कृष्णवर्णीय राजाचेही तेच. मत्तयाच्या शुभवर्तमानात तीन हा आकडा नाही, नावे नाहीत, रंग तर नाहीच. प्रत्येक चित्राखाली दोन तारखा द्या: घटना कधीची, चित्र कधीचे. एवढे केले की अर्धे वाद उठतच नाहीत.

डिचोली_इतिहासमंडळ:

दोघांचेही मनापासून आभार. दोन शंका उरल्या. नोहाचा मुलगा हाम याच्या शापाबद्दल कुणी पालक विचारेल, त्याला काय उत्तर द्यावे? आणि संत ऑगस्टिनला कृष्णवर्णीय म्हणावे का?

ग्रंथवाचक_फोंडा:

शापासाठी उत्पत्ती ९:२५ आणि १०:६ या दोन ओळी शेजारी छापा. नोहाच्या तोंडी शाप आहे तो कनानला. हामचे मुलगे चार: कूश, मिस्राईम, पूट, कनान. शापात कूशचे नावच नाही. पुढे गुलामांच्या व्यापाराला आधार हवा होता म्हणून हा शाप आफ्रिकी लोकांवर लादला गेला, आणि शेकडो वर्षे प्रवचनांतून तो खपवला गेला. हा अन्याय आहे आणि फलकावर तो अन्याय म्हणूनच लिहावा, गुळमुळीत नको. गाळूही नका, कारण मुलांच्या कानावर तो कुठून ना कुठून येतोच.

ऑगस्टिन जन्मला तागास्ते इथे, ३५४ मध्ये, आजच्या अल्जीरियात. त्याच्या आईचे मोनिका हे नाव बर्बर मूळचे मानतात. त्याच्या वर्णाची समकालीन नोंद नाही. ‘उत्तर आफ्रिकेचा’ हेच बरोबर. त्याच फलकावर कार्थेजच्या पर्पेतुआ आणि फेलिसितास (हुतात्मा, २०३) घ्या. फेलिसितास गुलाम होती.

जुने_गोवे_वाटाड्या:

आता गोव्याचे. ओढूनताणून काही जोडावे लागणार नाही, उलट काय वगळायचे हाच प्रश्न पडेल.

सहल मोन्ते सांतो टेकडीवरून सुरू करा. तिथला पडका मनोरा सेंट ऑगस्टिनच्या चर्चचा, उंची ४६ मीटर. समोर रस्त्यापलीकडे सांता मोनिका कॉन्व्हेंट. म्हणजे तागास्तेची आई आणि तिचा मुलगा, दोघांची नावे गोव्यात रस्त्याच्या दोन बाजूंना उभी आहेत. तिथून खाली से कॅथेड्रल, ते वाहिले आहे अलेक्झांड्रियाच्या संत कॅथरीनला, कारण अफोंसो द अल्बुकेर्कने गोवा जिंकला तो तिच्या सणाचा दिवस, २५ नोव्हेंबर १५१०. नकाशाच्या फलकावरून या नावांना दोरे ओढा, मुलांना दिशा लगेच कळते.

मग सेंट पॉल कॉलेजचा उरलेला दरवाजा. तिथे आता एवढाच भाग शिल्लक आहे, बस पटकन पुढे जाते, म्हणून चालकाला आधी सांगून ठेवा. १५५६ मध्ये जेजुइटांसोबत आलेला छापखाना मुळात इथिओपियाला जायचा होता. तो गोव्यातच राहिला, या कॉलेजात बसवला आणि भारतातली छपाई तिथे सुरू झाली. इथिओपियासाठी नेमलेला पात्रिआर्क (तिथल्या चर्चचा प्रमुख धर्मगुरू) जुआंव नुनिश बार्रेतो १५६२ मध्ये गोव्यातच वारला, त्याला तिथे जाताच आले नाही. पुढे जेजुइट धर्मप्रसारक पेद्रो पायेझ गोव्यातूनच निघाला आणि १६०३ मध्ये इथिओपियात पोहोचला.

गोव्यातल्या आफ्रिकी ख्रिश्चनांचे दोन फलक करा, एक नको. पहिल्यावर मान मिळालेला माणूस: मुतापा राजघराण्यातला (आजचे झिंबाब्वे-मोझांबिक) राजपुत्र मिगेल, जो १७ व्या शतकात गोव्यात डोमिनिकन संन्यासी झाला आणि सांता बार्बारा मठाचा प्रमुख होता. दुसऱ्यावर गुलामगिरी. मोझांबिकमधून माणसे आणून गोव्यात विकली जात, त्यांना बाप्तिस्मा दिला जाई आणि गुलामगिरी तशीच चालू राही. पणजीच्या पुराभिलेख खात्यात गुलामांच्या मुक्तिपत्रांच्या नोंदी आहेत. पोर्तुगीजमध्ये, जुन्या हस्ताक्षरात, त्यामुळे वाचणारा माणूस सोबत लागेल. पान दाखवायचे असेल तर शाळेच्या लेटरहेडवर अर्ज आधी द्या, आयत्या वेळी फोटो काढता येईल असे समजू नका. पोर्तुगीज साम्राज्यात गुलामगिरीची कायदेशीर स्थिती रद्द झाली १८६९ मध्ये. फक्त मिगेलचा फलक लावला तर चित्र खोटे होते, फक्त गुलामांचा लावला तरी होते.

मुलांना जंजिऱ्याचे हबशी आणि मलिक अंबर माहीत असतात. तिथून बोलायला सुरुवात करा, पण त्यांचा धर्म इस्लाम, हे स्पष्ट सांगा. तीन राजांसाठी वेगळे कुठे जायला नको. ६ जानेवारीचे रेईश मागूश आणि कासावलीचे फेस्त मुलांनी पाहिलेले किंवा ऐकलेले असते, चित्राचा फलक तिथेच जोडून घ्या.

नाईल_ते_मांडवी:

छपाईचे राहिले. २×३ फुटांच्या फलकावर अर्ध्या भागात चित्र घेणार असाल (२×१.५ फूट), तर निदान ३६०० × २७०० पिक्सेलची फाईल हवी. फाईल त्याहून लहान असेल तर फरसच्या चित्रातले चेहरे फुटतात, आणि तिथे चेहऱ्याचा रंगच तर दाखवायचा आहे. व्हॉट्सॲपवरून आलेला फोटो वापरू नका, तो आकसलेला असतो. फाईल ईमेलने किंवा पेन ड्राइव्हवर द्या. छापणाऱ्याकडून पेत्रोसच्या चित्राचा आधी ए-४ नमुना काढून घ्या. दुकानातले यंत्र ‘ऑटो करेक्शन’वर असेल तर गडद चेहरे उजळ होऊन येतात, ते बंद करायला सांगा. मजकूर दर फलकाला ७० शब्दांवर जाऊ देऊ नका आणि अक्षर २८ पॉइंटपेक्षा लहान नको. सनबोर्डवर चिकटवलेला मॅट कागद घ्या. चकचकीत फ्लेक्सवर वर्गातल्या ट्यूबलाइटचा उजेड पडला की मागच्या रांगेला चित्र दिसत नाही.