हत्तींच्या मध्ये उभी असलेली डोविमा: छायाचित्राआधीचे आणि नंतरचे आयुष्य

रंगरेषा (प्रश्न)

नमस्कार मंडळी,

छायाचित्रकार रिचर्ड अ‍ॅव्हेडन यांनी काढलेले डोविमा या मॉडेलचे हत्तींबरोबरचे छायाचित्र आजवर मी केवळ तिकिटाएवढ्या आकारात पाहिले होते. गेल्या आठवड्यात ते एका ग्रंथालयातील मोठ्या पुस्तकात पानभर पाहायला मिळाले आणि मी बराच वेळ तेथेच थबकले. हत्तींच्या कातडीवरील प्रत्येक सुरकुती आणि पायांतील साखळ्या स्पष्ट दिसतात. त्यांच्या मधोमध काळ्या मखमली पोशाखातील ती बाई दोन्ही हात पसरून अशी उभी आहे की त्या अवाढव्य प्राण्यांचा जणू तिला पत्ताच नाही.

तिच्याविषयी शोधल्यावर १९५०च्या दशकातील सर्वाधिक मागणी असलेल्या मॉडेलांमध्ये तिची गणना होत असे आणि १९५७च्या ‘फनी फेस’ या चित्रपटात तिने छोटी भूमिका केली, एवढेच हाती लागले. इतकी ख्याती मिळालेली स्त्री पडद्यावर इतकी थोडी का दिसली आणि पुढे तिचे काय झाले, हे कोणी सविस्तर सांगू शकेल का?

जुना_अल्बम

रंगरेषा, तिच्या नावापासून सुरुवात करतो, कारण तिची सारी कथा त्या नावातच सुरू होते. तिचे जन्मनाव डोरोथी व्हर्जिनिया मार्गारेट जुबा. जन्म ११ डिसेंबर १९२७, न्यूयॉर्क. वडील पोलीस खात्यात होते आणि कुटुंब क्वीन्स भागात राहत असे. दहाव्या वर्षी तिला संधिवाताचा ताप आला आणि पुढची सुमारे सात वर्षे अंथरुणात गेली. शिक्षण घरीच झाले. त्या काळात ती चित्रे काढू लागली आणि आपल्या तिन्ही नावांची पहिली अक्षरे जोडून चित्राखाली सही करू लागली: डो-व्हि-मा. आडनाव सोडून एकाच नावाने ओळखल्या गेलेल्या पहिल्या मॉडेलांपैकी ती एक. मात्र ते नाव कोणत्याही संस्थेने तिला दिलेले नव्हते. आजारी मुलीने स्वतःसाठी केलेले ते नाव होते.

१९४९मध्ये लेक्सिंग्टन अव्हेन्यूवर ‘व्होग’ या फॅशन मासिकाच्या संपादक विभागातील एका बाईंनी तिला हेरले आणि दुसऱ्याच दिवशी आयर्व्हिंग पेन यांच्या कॅमेऱ्यासमोर उभे केले. पेन यांनी हसायला सांगितले, तेव्हा ती ओठ मिटूनच हसली. तिच्या पुढच्या दाताचा टवका उडालेला होता आणि तो दिसू नये, एवढीच तिची धडपड होती. त्या मिटल्या ओठांची पुढे मोनालिसाशी तुलना झाली.

तुम्ही पाहिलेले छायाचित्र ऑगस्ट १९५५मधील आहे. पॅरिसमधील सर्क दिव्हेर, म्हणजे हिवाळी सर्कस, या १८५२ साली बांधलेल्या इमारतीत ते काढले गेले आणि ‘हार्पर्स बझार’ या फॅशन मासिकाच्या सप्टेंबरच्या अंकात छापून आले. पोशाख डिओर या पॅरिसच्या फॅशन घराण्याचा असला, तरी त्याचा आराखडा त्या घराण्यात नुकत्याच रुजू झालेल्या, जेमतेम १९ वर्षांच्या इव्ह सँ लोराँ यांनी केला होता.

आता पुन्हा ते पान उघडलेत, तर तिच्या कमरेचा पांढरा पट्टा पाहा. तो सरळ खाली सुटला आहे. तो डावीकडे उडवला असता, तर चित्राची रेषा पूर्ण झाली असती, असे अ‍ॅव्हेडन यांना आयुष्यभर वाटत राहिले आणि जगाने डोक्यावर घेतलेले हे छायाचित्र त्यांनी स्वतः मात्र फसलेलेच मानले.

सुईदोरा

वरील प्रतिसाद फार आवडला. मी स्वतः १९८०च्या दशकात मुंबईत काही वर्षे साड्यांच्या जाहिरातींसाठी मॉडेल म्हणून उभी राहत असे, म्हणून एक गोष्ट आवर्जून सांगते. पाहणाऱ्याला या कामात नुसते ‘उभे राहणे’ दिसते. प्रत्यक्षात निऱ्यांना पाठीमागून टाचण्या लावलेल्या असतात, श्वास अर्धाच घ्यायचा असतो, हनुवटी वर धरूनही मानेची शीर दिसू द्यायची नसते, आणि दिव्याखाली तासभर गेल्यावर पाय थरथरू लागतात. डोविमाच्या बाजूला साखळीने बांधलेले, अस्वस्थ हत्ती होते. त्यांच्या सोंडेवर हात ठेवून खांदे सैल सोडणे किती अवघड असेल, याची मला कल्पना करवते.

दुसरी गोष्ट मोबदल्याची. एका दुकानाच्या दिनदर्शिकेसाठी माझे छायाचित्र काढले गेले आणि पुढची सहा वर्षे ते दरवर्षी छापले जात होते. मला एका दुपारचे पैसे मिळाले होते. विचारायला गेले, तर ‘बाई, काम झाले तेव्हाच हिशेब झाला’ असे उत्तर मिळाले. डोविमाचाही हिशेब तासावरच होत असावा, असे मला वाटते.

रंगरेषा

सुईदोरा ताई, मनापासून आभार. डोविमाला किती पैसे मिळत असत, हे कोणाला ठाऊक आहे का? चित्रपटांचा प्रश्नही अजून उरला आहे.

पडद्यामागे

सुईदोरा ताईंचा तर्क बरोबर आहे. आघाडीच्या इतर मॉडेल तासाला साधारण २५ डॉलर घेत असताना डोविमाचा दर ६० डॉलरवर गेला होता. ‘मिनिटाला एक डॉलर घेणारी मुलगी’ ही तिची ओळख त्यातूनच पडली. तो दर त्या काळी थक्क करणारा होता, पण घड्याळ थांबले की मिळकत थांबत असे. सौंदर्यप्रसाधनांच्या कंपनीशी दीर्घ मुदतीचा मोठा करार लॉरेन हटन या मॉडेलला मिळाला तो १९७३मध्ये, आणि डोविमा त्याआधी ११ वर्षे निवृत्त झाली होती. ज्या छायाचित्राविषयी आपण बोलत आहोत, त्याची एक मोठी प्रत २०१०मध्ये पॅरिसच्या लिलावात ८,४१,००० युरोंना विकली गेली आणि ती घेतली डिओरनेच.

चित्रपटांविषयी माझे मत थोडे कठोर आहे. ‘फनी फेस’मध्ये फ्रेड अस्टेअर यांनी रंगवलेला छायाचित्रकार अ‍ॅव्हेडन यांच्यावरच बेतलेला होता आणि अ‍ॅव्हेडन स्वतः त्या चित्रपटाचे दृश्य-सल्लागार होते. त्यात डोविमा मॅरियन नावाची मॉडेल झाली आहे: दिसायला सरदार घराण्यातील, तोंड उघडले की क्वीन्सच्या गल्लीतील अनुनासिक बोली, आणि हातात चित्रकथांचे पुस्तक. चित्रकथांची आवड तिला खरोखरच होती. १९५१मध्ये अ‍ॅव्हेडन यांच्याबरोबर ती इजिप्तला गेली, तेव्हा सामानात त्या पुस्तकांची पेटी होती. पण दिग्दर्शकाने तिच्या आवाजावर प्रेक्षकांना हसवले, आणि त्या हसण्यापलीकडे तिच्यासाठी भूमिका लिहिण्याचे कोणाला सुचले नाही. मला हे खटकते. सात वर्षे खाटेवर काढलेली, स्वतःचे नाव स्वतः घडवलेली मुलगी म्हणजे केवळ सुंदर चेहरा आणि विसंगत आवाज नव्हे.

त्याच चित्रपटात तिची समकालीन सुझी पार्करही आहे. पार्करला लगेच कॅरी ग्रँट आणि गॅरी कूपर यांच्यासमोर नायिकेच्या भूमिका मिळाल्या. डोविमाने १९६२मध्ये, कॅमेरा निर्दय होण्याची वाट पाहायची नाही, असे ठरवून मॉडेलिंग सोडले. त्यानंतर ‘माय फेव्हरिट मार्शन’, ‘द मॅन फ्रॉम अंकल’ अशा दूरचित्रवाणी मालिकांत ती अधूनमधून दिसली, पण अभिनयावर घर चालले नाही. १९७०च्या दशकात ती आईवडिलांच्या जवळ राहण्यासाठी फ्लोरिडाला गेली आणि फोर्ट लॉडरडेलमधील एका पिझ्झाच्या उपाहारगृहात येणाऱ्या गिऱ्हाइकांचे स्वागत करून त्यांना टेबल दाखवण्याचे काम करू लागली. ३ मे १९९० रोजी यकृताच्या कर्करोगाने ती गेली, तेव्हा ६२ वर्षांची होती.

पिझ्झाच्या दुकानातील नोकरीचा उल्लेख लोक बहुतेक वेळा हळहळ व्यक्त करण्यासाठी करतात. तो सूर मला मान्य नाही. कष्टाची नोकरी ही अधोगती नव्हे. हळहळ वाटायची असेल, तर तिच्या १३ वर्षांच्या कामातून पुढे कोट्यवधी कमावले गेले आणि त्यातील वाटा तिला मागताही येत नव्हता, याची वाटावी.

रंगरेषा

आज पुन्हा ग्रंथालयात जाऊन ते पान उघडले. पट्टा खरोखरच सरळ खाली सुटला आहे. अ‍ॅव्हेडन यांची खंत समजली, तरी मला तो तसाच योग्य वाटला. हत्तींचे उचललेले पाय आणि तिचे पसरलेले हात यांच्यामध्ये तेवढी एकच गोष्ट शांत आहे. यावेळी ओठांकडेही नीट पाहिले. ते मिटलेले आहेत.